चाकावर ठेवलेला हात

मास्तरांना जेवायला हाक मारून उपयोग नसतो, हे काकूंना लग्न झाल्यावर पहिल्याच आठवड्यात कळलं. शिलाई मशीन एकदा सुरू झालं की त्या घरघरीपलीकडचं मास्तरांना काही ऐकू यायचं नाही. दोन-तीन दिवस काकूंनी दारातून हाका मारून घसा कोरडा केला. मग एक दिवस वैतागून त्या सरळ आत गेल्या आणि मशीनच्या फिरत्या चाकावर त्यांनी तळहात ठेवला. चाक थांबलं, चाकाबरोबर सुई थांबली आणि खाली पायडलवरचे मास्तरांचे पायही थांबले. मास्तरांनी मान वर करून विचारलं, "वाढलंस?"

तेव्हापासून तीच रीत पडली. कधी दोघांचा अबोला असला, तरी जेवायच्या वेळी हात चाकावर यायचा. दाबायचा नाही, नुसता टेकायचा. मास्तर "वाढलंस?" म्हणायचे आणि तो अबोल्यातला पहिला शब्द ठरायचा.

दुकान म्हणजे घराचीच रस्त्याकडची खोली. एक मशीन, कापायचं लांब टेबल, भिंतीला टांगलेले अर्धवट कोट आणि दाराशी सायकल. सायकल काळी, उंच, मागे दणकट कॅरियर असलेली. शिवलेला कोट घडी करून देणं मास्तरांना पसंत नव्हतं. ते तो हँगरला लावून हँगरचा आकडा आपल्याच कॉलरला मागे अडकवायचे आणि निघायचे. वाऱ्याने कोटाच्या बाह्या पुढे यायच्या. बघणाऱ्याला वाटावं, मास्तरांना मागून कुणीतरी मिठी मारून बसलंय.

"आज कुणाला फिरवून आणलंत?" काकू विचारायच्या.

"एका वकिलाला. हलका होता. आत कुणीच नव्हतं."

गिऱ्हाईक शेजारच्या गल्लीत राहत असलं तरी मास्तर तळ्याला वळसा घालून जायचे. दिवसभर सुईवर वाकून ज्याच्या पाठीला बाक आला होता, तो माणूस सायकलवर बसला की छडीसारखा ताठ व्हायचा. परत आल्यावर थोडा वेळ तरी त्यांच्या चेहऱ्यावर बाहेरचा उजेड राहायचा. काकू स्वतः कधी सायकल शिकल्या नाहीत, पण त्या उजेडाची त्यांना सवय झाली होती. घरात दिवा लागावा तसं वाटायचं.

मग कंपवात आला. आधी हातात आला. टाके वेडेवाकडे पडू लागले, तेव्हा मास्तर चष्म्याला दोष देत राहिले. गिऱ्हाइकं मापं द्यायला दुसरीकडे जाऊ लागली, तेव्हा त्यांनी चष्म्याला दोष देणं सोडलं आणि हात खिशात ठेवायला सुरुवात केली. त्यानंतर आजार पायांत उतरला. चालता चालता मास्तर मधेच अडायचे. विशेषतः दारात. डोकं पुढे, अंग पुढे आणि पाय मात्र जमिनीला शिवून टाकल्यासारखे. ढकललं तर पडायचे, ओढलं तर चिडायचे.

दवाखान्यात व्यायाम शिकवणाऱ्या बाई काकूंना म्हणाल्या, "जमिनीवर रेघा मारा. रेघ दिसली की पाय उचलला जातो. डोक्याला तेवढं निमित्त पुरतं."

काकूंनी घरी येऊन मास्तरांचा कापडावरचा खडू घेतला आणि पलंगापासून स्वयंपाकघरापर्यंत एक लांबलचक, सुंदर, सरळ रेघ मारली. मास्तरांनी ती पाहिली. त्यांचा पाय काही हलला नाही.

"काय झालं?"

"रेघ छान आहे," मास्तर म्हणाले. "कात्री दे."

दुसऱ्या दिवशी बाई पोट धरून हसल्या. "काकू, उभी नाही, आडवी. कापायची नाही, ओलांडायची आहे."

मग प्रत्येक दारात आडव्या रेघा आल्या. रेघेशी आले की मास्तर क्षणभर थांबायचे, खाली बघायचे आणि पाय उचलून पलीकडे टाकायचे. फरशी पुसली की काकू नव्याने रेघा मारायच्या. घरात चालणं जमू लागलं. सायकलचं मात्र वेगळंच झालं.

एक दिवस मास्तर तळ्यावरून परत आले, दारासमोर सायकल थांबवली आणि सायकलसकट आडवे झाले. कोपर सोलवटलं, बाकी काही नाही. पण लेकीच्या कानावर गेलंच. लेक दवाखान्यात एक्स-रे काढायची. रोज मोडलेले खुबे, मनगटं, बरगड्या. ती त्याच संध्याकाळी आली, सायकलला साखळी घातली, कुलूप लावलं आणि किल्ली आपल्या पर्समध्ये टाकली.

"अगं, थोडंसं तर खरचटलंय," काकू म्हणाल्या.

"आई, तू 'पडले' एवढाच शब्द ऐकतेस. मी त्याचा फोटो काढते."

काकूंनाही भीती वाटतच होती. किल्ली गेली तेव्हा त्यांना आतून जरा बरंच वाटलं, आणि हे त्यांनी मास्तरांना सांगितलं नाही.

मास्तर खिडकीशी खुर्ची घेऊन बसू लागले. बाहेरून सायकल गेली की त्यांची मान तिच्याबरोबर जायची आणि खिडकी संपली की परत यायची. अन्नावरची वासना कमी झाली. रेघा असूनही दारात जास्त वेळ अडू लागले, जणू पलीकडे जाऊन तरी काय करायचंय.

एका शनिवारी शेजारणीचे पडदे शिवायला आले. हल्ली असली सरळ कामं काकूच करायच्या. पण त्या दिवशी त्यांचा गुडघा सुजला होता आणि पायडल मारवत नव्हतं.

"सरक," मास्तर म्हणाले.

"तुमचे हात?"

"हात तुझे. पाय माझे."

दोन स्टुलं लावून दोघं दाटीवाटीने बसली. काकूंनी कापड धरलं, मास्तरांनी पाय पायडलवर ठेवले. मशीन सुरू झालं आणि काकू कापड सरकवायचं विसरल्या. पाय एका लयीत चालले होते. अडणं नाही, अडखळणं नाही. तीस वर्षांपूर्वी घरघरायचं तसंच मशीन घरघरत होतं.

"कापड धर. एकाच जागी टाके पडतायत," मास्तर म्हणाले.

"अहो, तुमचे पाय चालतायत."

"फिरवायला कुठे अडतात? टाकायला अडतात." मग थोड्या वेळाने, पडद्याकडे बघत, "सायकलवर पण अडत नव्हते. कधीच नाही."

"मग पडलात कसे?"

"सायकल थांबली म्हणून पडलो. पाय खाली टेकायचा होता, तो टेकला नाही."

काकूंनी शिलाई संपवली, दोरा तोडला. इतके दिवस सगळे म्हणत होते की मास्तर सायकल चालवताना पडले, आणि त्याही म्हणत होत्या. मास्तर पडले होते ते उभे असताना. असे तर ते न्हाणीघराच्या दारातही पडले असते.

संध्याकाळी लेकीचा फोन आला. काकू सगळं सांगणार, त्याआधी तीच म्हणाली, "उद्या येतेय. सायकल घेऊन जाते. आमच्या दवाखान्यातल्या माळ्याला हवी आहे. नुसती उभी ठेवून बाबांच्या जिवाला त्रास."

फोन मोठ्या आवाजात लागला होता. मास्तरांनी खुर्चीतून विचारलं, "माळी उंच आहे का?"

"आहे तसा. का हो बाबा?"

"सीट वर करायला सांग त्याला. नाहीतर गुडघे दुखतील."

मास्तर रडले असते, भांडले असते, तर काकूंनी कदाचित समजूत घातली असती. पण त्यांनी माळ्याच्या गुडघ्यांची काळजी केली. काकूंनी फोन ठेवला, चपला घातल्या आणि नाक्यावरच्या सायकलवाल्याकडे गेल्या.

सायकलवाला म्हणजे हाडकुळा, बोलका माणूस. मास्तरांच्या सायकलची सगळी दुखणी त्याला पाठ होती.

"कुलूप तोडायचंय," काकू म्हणाल्या.

"कुणाचं?"

"माझ्याच घरातलं."

"किल्ली?"

"लेकीकडे."

"तिला विचारलंत?"

"उद्या विचारीन. तोडल्यावर."

त्याने काकूंकडे नीट पाहिलं आणि मोठी पक्कड पिशवीत टाकली. "काकू, तुमच्या लेकीला तोंड द्यायचं काम तुमचं. मी गरीब माणूस आहे."

रविवारी सकाळी मास्तरांनी गोळी घेतली. गोळीनंतर तासाभराने अंग सर्वांत मोकळं असतं, हे काकूंना माहीत होतं. तो तास धरून तिघं बाजाराच्या मैदानावर आली. बाजार रविवारी बंद. ओटे रिकामे आणि मधे सिमेंटची मोठी सपाट जागा. सायकलवाल्याने सीट पार खाली केली होती. आधी त्याने सायकल स्टँडवर चढवली आणि मागचं चाक अधांतरी ठेवून मास्तरांना वर बसवलं. पायडलं फिरली. चाक सुं सुं करत फिरलं. मास्तर जागच्या जागी तळ्याला वळसा घालून आल्यासारखे दिसत होते.

"आता खरी," मास्तर म्हणाले.

काकूंनी सगळा विचार करून ठेवला होता. चढताना अडायला नको म्हणून सायकलवाल्याने सायकल जवळजवळ आडवी केली आणि दांडीपलीकडे काकूंनी खडूने रेघ मारली. मास्तरांनी रेघ पाहिली, पाय पलीकडे टाकला आणि सायकल त्यांच्यासकट उभी झाली. उतरण्यासाठी मैदानाच्या मधोमध काकूंनी आणखी एक रेघ मारली. चांगली जाड, दुरून दिसेल अशी.

"एक फेरी मारायची आणि या रेघेशी थांबायचं. रेघ दिसली की पाय आपोआप सुटेल. कळलं?"

"कळलं. तू बाजूला हो."

सायकलवाल्याने हलकेच ढकललं. हँडल डावीकडे वळलं, उजवीकडे वळलं, काकूंचे डोळे मिटले. उघडले तेव्हा मास्तर मैदानाच्या टोकाला पोचले होते आणि त्यांची पाठ ताठ होती.

वळण घेऊन ते परत आले. खिशाबाहेर काढलेले हात हँडलवर होते. कापत असतील तरी इथून दिसत नव्हतं. मास्तर रेघेजवळ आले. त्यांनी खाली पाहिलं. आणि महिनोन्महिने रेघा ओलांडायला शिकलेल्या माणसाने ही रेघही झोकात ओलांडली. उलट, रेघेवर पायडलला थोडा जोरच बसला.

"अहो, थांबायचं होतं," काकू म्हणाल्या, पण मास्तर पुढे गेले होते.

पुढच्या फेरीला ते म्हणाले, "ओलांडली गं."

त्याच्या पुढच्या फेरीला, "रेघ पुस. रेघ दिसली की पाय जोरात जातात."

काकूंनी चपलेने रेघ घासली. सिमेंटवर खडू चांगलाच बसला होता. "ब्रेक लावा हळूहळू," त्या म्हणाल्या.

उत्तर एका फेरीनंतर आलं. "ब्रेक लागेल. पाय लागणार नाही."

सायकलवाला मागून धावत होता. "मास्तर, मी कॅरियर धरतो."

"धरू नकोस. तोल जाईल."

"मग करायचं काय?"

"मला काय विचारतोस? मी तर मजेत आहे."

आणि ते खरं होतं. काकूंच्या जिवाचं पाणी होत होतं, सायकलवाला धापा टाकत ओट्यावर बसला होता आणि मास्तरांच्या चेहऱ्यावर तो उजेड आला होता. बाहेरचा. कितीतरी दिवसांनी. काकूंना तो दर फेरीला क्षणभर दिसायचा आणि पाठमोरा व्हायचा. पण गोळीचा जोर कायम राहणारा नव्हता. पाय थकणार होते. आणि सायकल थांबली की त्या दिवशी दारात झालं तेच इथे सिमेंटवर होणार होतं. मग लेक त्याचा फोटो काढणार होती.

तेवढ्यात लेकच आली. घराला कुलूप बघून शेजारणीला विचारून आली असणार. हातात किल्ली होती. मैदानाच्या कडेला ती क्षणभर खांबासारखी उभी राहिली आणि मग धावली.

"बाबा, थांबा."

"थांबता आलं असतं तर थांबलो नसतो का?" मास्तर म्हणाले आणि निघून गेले.

"आई, हे काय आहे? कुलूप कुणी तोडलं?"

"मी."

सायकलवाला ओट्याच्या मागे झाला.

"बाबा, उजवा पाय खाली घ्या," लेक ओरडली. "नाही, आधी ब्रेक. डावा ब्रेक, हळू. बाबा, माझ्याकडे बघा."

प्रत्येक हाकेबरोबर हँडल थोडं थोडं डगमगू लागलं. मास्तरांची मान लेकीकडे वळायची, सायकल तिकडे ओढली जायची. काकूंनी ते पाहिलं आणि त्यांना एकदम आपला लग्नानंतरचा पहिला आठवडा आठवला. दारात उभं राहून घसा कोरडा करणारी नवी नवरी.

"गप्प बस जरा," त्या लेकीला म्हणाल्या. "हाक मारल्यावर ते कधी थांबलेत?"

त्या मैदानात उतरल्या. वळणावर सायकलचा वेग कमी व्हायचा, तिथे जाऊन उभ्या राहिल्या. मास्तर आले. काकू त्यांच्या डाव्या बाजूने चालू लागल्या, सुजल्या गुडघ्याने, जमेल तेवढ्या भरभर. मास्तरांनी पायडलचा जोर कमी केला. दोघं काही पावलं बरोबर चालली, म्हणजे एक चालत आणि एक चाकांवर. काकूंनी हात पुढे केला आणि हँडलवरच्या मास्तरांच्या हातावर तळहात ठेवला. दाबला नाही. नुसता टेकला.

खालचा हात कापत होता. तो काकूंच्या हाताखाली निवला. बोटांनी ब्रेक ओढला, चाक थांबलं आणि मास्तरांचा डावा पाय पायडलवरून सुटून सिमेंटवर आला. अगदी सहज, जेवायला उठताना मशीनखालून यायचा तसा.

मास्तरांनी मान वळवून पाहिलं. "वाढलंस?"

"अजून चूलही पेटवली नाहीये," काकू म्हणाल्या आणि मग त्यांना रडू आलं. त्यांनी दुसऱ्या हाताने सायकलची सीट घट्ट धरली होती, म्हणून डोळे पुसता येईनात.

लेक जवळ आली. तिने बापाचे खांदे, कोपर, गुडघे चाचपून पाहिले, दवाखान्यात पाहते तसे. सगळं जागच्या जागी होतं. मग तिने त्यांच्या तोंडाकडे पाहिलं आणि तिचा हात तसाच राहिला. हा चेहरा तिच्या ओळखीचा होता, फक्त बऱ्याच दिवसांत तिने पाहिला नव्हता.

"घाम किती आलाय," ती म्हणाली.

"येणारच. पोहोचवायला कोट नव्हता, तरी लांबून आलोय."

"आणि रस्त्यावर असं झालं असतं तर?"

"रस्त्यावर नाही जाणार," काकू म्हणाल्या. "इथेच. बाजार बंद असेल तेव्हा. गोळीनंतर. आणि आपल्यापैकी कुणीतरी उभं असेल तेव्हाच." हे त्या मास्तरांकडे बघून म्हणाल्या. मास्तरांनी तळ्याच्या दिशेने एकदा पाहिलं आणि मान डोलावली.

लेक बराच वेळ मुठीतल्या किल्लीशी चाळा करत राहिली. "मी माळ्याला काय सांगू?"

"सांग, सीट खाली केलीय," मास्तर म्हणाले.

ओट्यामागून सायकलवाला खोकला. बाहेर यायला आता हरकत नाही असं त्याला वाटलं असावं.

लेकीने किल्ली पर्समध्ये टाकली. पर्स ओट्यावर ठेवली, बाह्या वर सारल्या. "आई, तू ते कसं केलंस, मला दाखव. तुझा गुडघा सुजलाय. दर वेळी तू धावणार आहेस का?"

काकूंनी तिचा तळहात आपल्या हातात घेतला. एक्स-रेच्या जड पाट्या उचलून घट्ट झालेला हात. तो त्यांनी हँडलवरच्या मास्तरांच्या हातावर ठेवला.

"दाबायचं नाही."

"नाही दाबत."

"दाबतेयस. तू पेशंटला धरतेस तशी धरतेयस. नुसता ठेव. जेवायला बोलावतोय इतकंच."

लेकीने हात सैल केला. मास्तर तोवर थांबून थांबून कंटाळले होते. "शिकवणी झाली असेल तर ढकला," ते म्हणाले.

सायकलवाल्याने ढकललं. मास्तर निघाले. लेक वळणावर जाऊन उभी राहिली, हात आधीच पुढे धरून. सायकल फेरी घेऊन तिच्याजवळ आली, ती चालू लागली, तिने हात पुढे केला, आणि मास्तरांनी हँडल किंचित बाहेर वळवलं. तिचा हात हवेतच राहिला.

"बाबा."

"अजून एक," मास्तर म्हणाले. ते पुढे निघून गेले होते.

लेक कमरेवर हात ठेवून आईकडे वळली. "मुद्दाम केलं त्यांनी."

"मग? तूही असंच करायचीस, अंगणातून आत बोलावलं की." काकू ओट्यावर टेकल्या आणि दुखरा गुडघा चोळू लागल्या. मैदानाच्या पलीकडच्या टोकाला ती ताठ पाठ वळण घेत होती. "उभी राहा तिथेच. भूक लागली की येतील."